कुलूपबंद कलाकृती आणि एम्युलेटर : एक चिकित्सा

प्रास्ताविक :
निन्टेंडो कंपनीचे 'थ्रीडीएस' हे हातात धरून खेळावयाचे उपकरण २०११ साली बाजारात आले. मार्च २०२३ मध्ये त्याचे ऑनलाईन विक्रीकेंद्र बंद झाले. केवळ तेथेच उपलब्ध असलेले आणि अन्यत्र प्रसिद्ध न झालेले गेम आता विकत घेता येत नाहीत. अशा स्थितीत डिक्रिप्ट केलेल्या फाईलींकडे केवळ चोरीचा माल म्हणून पाहणे कितपत योग्य ठरते, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

विवेचन :
एका यंत्राचे कार्य दुसऱ्या यंत्रावर घडवून आणणारी संगणकप्रणाली म्हणजे एम्युलेटर होय. 'सोनी विरुद्ध कनेक्टिक्स' (२०००) या खटल्यात अमेरिकेच्या अपील न्यायालयाने एम्युलेटरच्या निर्मितीसाठी केलेला मूळ प्रणालीचा अभ्यास वैध मानला. वादाचे खरे मूळ किल्लीत आहे. थ्रीडीएसच्या गेमची फाईल सांकेतिक कुलपाने बंद असते. 'सिट्रा' या एम्युलेटरसाठी सामान्यतः कुलूप काढलेली प्रत वापरली जाई. असे कुलूप तोडण्यावर अमेरिकेच्या १९९८ च्या कायद्याने निर्बंध घातले. त्याच कायद्याच्या आधारे निन्टेंडोने २०२४ मध्ये 'युझू' या एम्युलेटरच्या निर्मात्यांवर दावा दाखल केला. २४ लाख डॉलरची तडजोड झाली आणि त्याबरोबर 'सिट्रा'चेही काम थांबले.

कंपनीची बाजू निराधार नाही. कुलूप काढलेली प्रत अमर्याद वाटता येते. तथापि जतन आणि वाटप या दोन भिन्न कृती होत. भारतीय कॉपीराईट कायद्यात २०१२ साली समाविष्ट झालेले कलम ६५अ हक्कभंगाच्या हेतूला महत्त्व देते. अमेरिकेत ग्रंथालयांना जतनासाठी मर्यादित सवलत आहे. परंतु असे गेम अभ्यासकांना दूरस्थ पद्धतीने उपलब्ध करून देण्याची मागणी २०२४ मध्ये फेटाळण्यात आली.

एम्युलेटरलाही मर्यादा आहेत. चष्म्याविना जाणवणारी दृश्याची खोली हे थ्रीडीएसचे वैशिष्ट्य सामान्य पडद्यावर लोप पावते. म्हणजेच ही मूळ कृती नसून तिचा एक पाठ असतो.

निष्कर्ष :
मोडी दस्तऐवज अभ्यासाने वाचता येतो, कारण ती लिपी कोणाच्याही मालकीची नाही. सांकेतिक किल्ली मात्र कंपनीच्या मालकीची असते. विक्री थांबल्यानंतरही ती किल्ली ग्रंथालयास नाकारली गेली, तर उपकरणे निकामी होताच फाईल उरेल, परंतु कलाकृती उरणार नाही. म्हणून कायद्याने कुलूप उघडण्याच्या कृतीपेक्षा त्यामागील हेतू तपासणे अधिक न्याय्य ठरेल.