सांगणे आणि पाहणे : सई परांजपे यांच्या चित्रकृतींचे एक आशयसूत्र

आकाशवाणी, बालरंगभूमी, नाटक, दूरदर्शन, अनुबोधपट आणि चित्रपट अशा अनेक माध्यमांत सई परांजपे यांनी लेखन व दिग्दर्शन केले. या कर्तृत्वाचा गौरव बहुधा 'अष्टपैलू' या एका विशेषणात उरकला जातो. हे विशेषण वरवर प्रशंसेचे असले तरी समीक्षेला ते सोयीचे ठरते. कारण पैलू मोजले की त्यांना जोडणाऱ्या गाभ्याचा शोध घेण्याची जबाबदारी टळते. परिणामी 'स्पर्श' (१९८०) हा गंभीर, तर 'चश्मेबद्दूर' (१९८१) आणि 'कथा' (१९८३) हे हलकेफुलके, अशी विभागणी रूढ झाली. ही विभागणी तपासून पाहण्याजोगी आहे.

या तिन्ही चित्रपटांत सांगितलेले आणि पाहिलेले यांतील अंतर हेच नाट्याचे केंद्र आहे. 'चश्मेबद्दूर'मधील दोन मित्र नेहाविषयी रचून सांगतात ते किस्से पडद्यावर हिंदी चित्रपटांच्या ठरीव प्रणयदृश्यांच्या रूपात साकारतात. विडंबन येथे केवळ गमतीसाठी येत नाही. लोकप्रिय चित्रपट हाच थापेचा तयार साचा पुरवतो, असे त्यातून सूचित होते. शं. गो. साठे यांच्या 'ससा आणि कासव' या नाटकावर आधारलेल्या 'कथा'त बाशूच्या थापांवर सारी चाळ भाळते. शेवटी कासवाच्या वाट्याला येते ते सशाने टाकून दिलेले. बोधकथेचा घाट राखून तिचा बोध मात्र येथे उलटवला आहे. 'स्पर्श'मधील अनिरुद्ध अंध असला, तरी त्याच्या शोकांतिकेचे मूळ अंधत्वात नाही. कविताच्या प्रेमाला तो मनोमन त्यागाची कथा जोडतो आणि त्या कथेवरच विश्वास ठेवतो.

या जाणिवेचा संबंध माध्यमांच्या संस्काराशी असावा. नभोवाणी केवळ सांगते. दूरचित्रवाणीची लहान चौकट जवळून पाहावयास लावते. म्हणूनच 'अडोस पडोस' या मालिकेतील शेजार आणि 'कथा'तील चाळ यांची जातकुळी एकच वाटते. दूरदर्शन हे येथे चित्रपटाकडे जाण्याची पायरी नसून दृष्टी घडवणारी कार्यशाळा ठरते.

'दिशा'त (१९९०) या सूत्राला सामाजिक परिमाण लाभते. मुंबईच्या गिरणीची कथा ऐकून माणसे गाव सोडतात, आणि वर्षानुवर्षे विहीर खणणारा परशू मात्र वेडा ठरतो. वाशीम जिल्ह्यातील आसेगावसारख्या, मुंबईपासून दूर असलेल्या गावातील प्रेक्षक हा चित्रपट कोणत्या टोकाकडून पाहील, हा प्रश्न म्हणूनच अप्रस्तुत नाही. शहर त्याच्यापर्यंत प्रथम ऐकीव रूपातच पोचते.

मर्यादाही नोंदवावयास हवी. विहिरीला पाणी लागते तेव्हा श्रमाला फळ मिळते खरे. परंतु स्थलांतराच्या आर्थिक प्रश्नाचे उत्तर एका व्यक्तीच्या चिकाटीत शोधले जाते. 'कथा'तही संध्याची फसवणूक राजारामच्या चांगुलपणात विरघळते, आणि तिच्या स्वतःच्या दुःखाला अवकाश उरत नाही. थाप उघडी पाडणारी ही दृष्टी समेटाच्या क्षणी मात्र काहीशी मवाळ होते.

तरीही ही मर्यादा एका सलग दृष्टीची आहे, विखुरलेल्या कौशल्यांची नव्हे. स्वतः कथा सांगत असताना कथेविषयीच संशय जागा ठेवणे, हे या दिग्दर्शिकेचे वैशिष्ट्य होय. त्याची दखल घेतल्यावाचून तिच्या विनोदाला 'हलकाफुलका' म्हणणे हीदेखील समीक्षेने रचलेली एक सोयीची कथाच ठरेल.