तबकडी परत आली, पण कोणती?

विनाइल रेकॉर्डच्या पुनरागमनाविषयी गेल्या दहा-पंधरा वर्षांत पुष्कळ लिहिले गेले आहे. इंग्रजीत त्यावर पुस्तके झाली. मराठीतही रविवारच्या पुरवण्यांतून स्मरणरंजनाचे लेख येत असतात. या लेखनात एक शब्द हटकून भेटतो : 'ऊब'. डिजिटल आवाज कोरडा, तबकडीचा उबदार. तो हिशेबी, हा जिवंत. रेकॉर्ड परत आली याचा अर्थ श्रोत्यांचे कान शहाणे झाले, असा निष्कर्ष मग ओघानेच काढला जातो.

मला हा निष्कर्ष मान्य नाही. रेकॉर्ड माझ्याही आवडीची आहे आणि म्हणूनच तिच्याविषयीची ही सैल भाषा खटकते. रेकॉर्ड कशी तयार होते हे टप्प्याटप्प्याने पाहिले तर 'शुद्ध आवाजा'चा दावा टिकत नाही. तिचे खरे मोल दुसरीकडेच सापडते. ते मोल आपल्या संगीताच्या बाबतीत जपायचे असेल, तर ग्राहक म्हणून आपली मागणीही बदलायला हवी. एवढेच या लेखात मांडायचे आहे.

खपाचे आकडे

अमेरिकेतल्या ध्वनिमुद्रण-उद्योगाच्या संघटनेने २०२२ सालासाठी दिलेले आकडे नेहमी पुढे केले जातात. त्या वर्षी तिथे सुमारे ४ कोटी १० लाख विनाइल रेकॉर्ड आणि ३ कोटी ३० लाख सीडी विकल्या गेल्या. नगांच्या हिशेबात रेकॉर्डने सीडीला मागे टाकण्याची १९८७ नंतरची ही पहिलीच वेळ. बातमी खरी आहे. पण तिच्या शेजारचा आकडा क्वचितच छापला जातो. त्याच वर्षी त्या उद्योगाचे सुमारे ८४ टक्के उत्पन्न स्ट्रीमिंगमधून आले. म्हणजे रेकॉर्डने मागे टाकले ते उतरणीला लागलेल्या सीडीला. शिवाय 'ल्युमिनेट' या पाहणी-संस्थेने २०२३ मध्ये नोंदवले की, अमेरिकेत वर्षभरात रेकॉर्ड विकत घेणाऱ्यांपैकी निम्म्याच लोकांकडे ती वाजवण्याचे यंत्र होते.

या आकड्याची थट्टा करणे सोपे आहे. न वाचलेली पुस्तके कपाटात मांडून ठेवणाऱ्या आपण वाचकांनी तरी ती करू नये. आवडत्या कलाकाराची एखादी वस्तू घरात असावी, त्याच्या पदरात चार पैसे पडावेत, ही इच्छा काही हास्यास्पद नाही. पण जी वस्तू घेणाऱ्यांपैकी निम्म्यांच्या घरात वाजूच शकत नाही, तिच्या खपावरून कानांच्या परीक्षेचा निकाल लावता येणार नाही.

खाच कशी पडते

रेकॉर्डची सुरुवात एका मऊ चकतीपासून होते. ॲल्युमिनियमच्या सपाट पत्र्यावर नायट्रोसेल्युलोजचा आरशासारखा गुळगुळीत थर दिलेला असतो. या चकतीला धंद्यात 'लॅकर' म्हणतात. ती लेथवर फिरते आणि माणकाची किंवा नीलमाची तापवलेली सुई तिच्यात खाच कोरत जाते. टेपवरचा किंवा संगणकातला आवाज विजेच्या रूपाने सुईपर्यंत पोहोचतो आणि तिच्या थरथरीतून खाचेच्या दोन भिंतींवर उमटतो. स्टिरिओ रेकॉर्डमध्ये एक भिंत डाव्या कानाची, दुसरी उजव्या कानाची. बावीस मिनिटांच्या एका बाजूची खाच उलगडून सरळ केली, तर तिची लांबी अर्ध्या किलोमीटरच्या आसपास भरेल.

ही खाच आवाजाची जशीच्या तशी नक्कल नसते. खर्जातले स्वर मुळाबरहुकूम कोरले तर खाच इतकी रुंद होईल की बाजूवर निम्मासुद्धा मजकूर मावणार नाही. म्हणून खर्ज दाबून कोरायचा आणि वाजवताना ॲम्प्लिफायरने तो तितकाच उचलायचा. तीव्र स्वरांच्या बाबतीत याच्या उलट. या दाब-उचलीचे प्रमाण १९५४ साली अमेरिकेत ठरले आणि पुढे जगभर रूढ झाले. खर्ज डाव्या-उजव्या बाजूंत विखुरला तर सुई खाचेतून उडण्याचा धोका असतो, म्हणून तो मध्यावर आणावा लागतो. गायकाच्या 'स' आणि 'श'ची धारही बोथट करावी लागते, नाहीतर ती फाटल्यासारखी ऐकू येते.

याहून अवघड अडचण भूमितीची आहे. एलपी मिनिटाला सव्वातेहतीसच्या थोडे वर, म्हणजे ३३⅓ फेरे एकाच गतीने घेते. पण बाहेरचा फेरा मोठा आणि आतला लहान. बाहेरच्या कडेला सुईखालून सेकंदाला सुमारे ५० सेंटिमीटर खाच सरकते. लेबलाजवळ येईपर्यंत ती जेमतेम २१ सेंटिमीटर उरते. तितकाच आवाज निम्म्याहून कमी जागेत कोंबायचा, म्हणजे बारकावे पुसट होणारच. बाजूच्या अखेरीस शांत गाणे ठेवण्याची अनेक निर्मात्यांची पद्धत होती, तिच्यामागे हेही एक कारण होते.

कोरलेल्या लॅकरवर चांदीचा पातळ थर चढवून त्यावर विजेच्या साहाय्याने निकेल साठवले जाते. ते सोलून काढले की खाचेच्या जागी उंचवटा असलेला उलटा साचा मिळतो. हा 'फादर'. त्यावरून पुन्हा सुलटी 'मदर' आणि तिच्यावरून छापण्यासाठीचे 'स्टॅम्पर'. दोन स्टॅम्परच्या मध्ये तापवून मऊ केलेल्या पीव्हीसीचा गोळा ठेवतात, वर-खाली कागदी लेबले लावतात, आणि वाफेने तापलेले यंत्र तो गोळा प्रचंड दाबाखाली चपटा करते. लेबलाला डिंक लागत नाही. उष्णता आणि दाब यांनीच ते चिकटते. मग पाणी फिरवून साचा थंड करायचा, कडा कापायची. अर्ध्या मिनिटाच्या आसपास एक रेकॉर्ड तयार.

हा कारभार किती नाजूक आधारावर उभा आहे हे ६ फेब्रुवारी २०२० रोजी दिसले. कॅलिफोर्नियातल्या बॅनिंग गावी 'अपोलो मास्टर्स' हा लॅकर बनवणारा कारखाना आगीत नष्ट झाला आणि जगाला लॅकर पुरवण्याची जबाबदारी जपानमधल्या एकाच उत्पादकावर येऊन पडली. ज्या वस्तूच्या पुनरुज्जीवनाचे उत्सव चालू होते, तिच्या पहिल्याच पायरीवर दोन पाय होते. त्यातला एक गेला. तांब्याच्या पत्र्यावर थेट कोरण्याची जर्मन पद्धत १९८०च्या दशकापासून उपलब्ध होती, म्हणून सगळेच ठप्प झाले नाही एवढेच.

शुद्धतेचा बाजार

आता 'ऊब' या शब्दाकडे परत येऊ. वर सांगितलेल्या प्रत्येक टप्प्यावर कोणीतरी आवाजात हात घातलेला आहे. कधी सुरेख, कधी ओबडधोबड. पण हस्तक्षेप आहेच. आपल्याला जी ऊब वाटते ती बरीचशी या हस्तक्षेपांची बेरीज असते. ती आवडायला काहीच हरकत नाही. तिला शुद्धता म्हणणे मात्र चूक आहे.

शिवाय आजच्या बहुतेक नव्या रेकॉर्ड डिजिटल मुद्रणावरूनच कोरल्या जातात. जुन्या रेकॉर्डही सगळ्या 'अस्सल' नव्हेत. पुढचा आवाज किती मोठा येणार हे लेथला आधी कळावे लागते, म्हणजे खाचांमधले अंतर राखता येते. त्यासाठी टेपयंत्राला एक जादा हेड बसवत. पण १९७०च्या दशकाच्या अखेरीपासून अनेक ठिकाणी हे काम डिजिटल विलंबयंत्राकडे गेले. म्हणजे टेपवरून कोरलेला आवाजही वाटेत एकदा अंकांत रूपांतरित होऊनच सुईपर्यंत पोहोचे. हे वेष्टनावर कोणी लिहीत नसे.

या भ्रमाची कसोटी २०२२ च्या जुलैत लागली. 'मोबाइल फिडेलिटी' ही अमेरिकी कंपनी मूळ टेपवरून कोरलेल्या महागड्या, मर्यादित आवृत्त्यांसाठी जाणकारांत प्रतिष्ठित होती. मायकेल जॅक्सनच्या 'थ्रिलर'च्या ४०,००० प्रती ती काढणार असे जाहीर झाले, तेव्हा फिनिक्समधल्या एका रेकॉर्ड-दुकानदाराने शंका मांडली : एवढ्या प्रतींसाठी मूळ टेप किती वेळा फिरवावी लागेल, आणि ती कोण फिरवू देईल? चौकशीत उघड झाले की ही कंपनी २०११ पासून मधल्या टप्प्यात डिजिटल नक्कल वापरत होती. प्रकरण न्यायालयात गेले आणि अडीच कोटी डॉलरच्या तडजोडीने मिटले.

या प्रकरणाकडे फसवणूक म्हणून पाहिले गेले आणि ते योग्यच आहे. पण टीकेच्या दृष्टीने त्याचा दुसरा अर्थ अधिक महत्त्वाचा. ज्यांचे कान सर्वांत तयार समजले जात, त्यांनी याच रेकॉर्ड अकरा वर्षे 'डिजिटलचा स्पर्श नसलेल्या' म्हणून वाखाणल्या होत्या. फरक पडला तो कानांना नव्हे, विश्वासाला. लोक आवाजाइतकेच त्या आवाजाच्या वंशावळीला पैसे देत होते. वॉल्टर बेन्यामिनने १९३०च्या दशकात लिहिले की यांत्रिक नकलेमुळे कलाकृतीचे तेजोवलय ओसरते. इथे नकलेलाच वलय लाभले आहे, आणि ते वेष्टनावरच्या चार ओळींवर उभे आहे.

मर्यादेचे मोल

मग रेकॉर्डचे खरे मोल कशात? माझ्या मते तिच्या मर्यादेत. आणि याला आपल्या संगीताच्या इतिहासाइतका चांगला पुरावा दुसरा मिळणार नाही.

लाखेच्या ७८ फेऱ्यांच्या तबकडीवर जेमतेम तीन-साडेतीन मिनिटे मिळत. (ही लाख मोठ्या प्रमाणावर भारतातूनच जगभर जाई, हे सहसा विसरले जाते.) नाट्यगृहात 'वन्समोअर' घेत घेत वाढत जाणारे बालगंधर्वांचे पद या तीन मिनिटांत बसवावे लागे. त्यात काय गमावले हे सर्वांना ठाऊक आहे. काय मिळाले ते अब्दुल करीम खाँच्या 'जमुना के तीर'मध्ये ऐकावे. भैरवीतली ही ठुमरी म्हणजे लांब गाण्याचा तुकडा नव्हे. वेळ किती आहे हे जाणून रचलेली ती स्वतंत्र कृती आहे. पहिल्या स्वरापासून जागा वाया जात नाही.

१९४८ मध्ये कोलंबिया कंपनीने विनाइलची एलपी आणली आणि एका बाजूला वीस-बावीस मिनिटे उपलब्ध झाली. आपल्याकडे त्यातून ख्यालाचा तिसराच आकार घडला : मैफिलीइतका ऐसपैस नाही आणि ७८ इतका आटोपशीर नाही. अमीर खाँच्या एका बाजूला मारवा, दुसऱ्या बाजूला दरबारी असलेल्या एलपीचे उदाहरण घ्या. मारव्यातली अस्वस्थता ते हळूहळू उकलत नेतात, पण कुठेही रेंगाळत नाहीत. मग सुई उचलायची, तबकडी उलटायची. मधल्या शांततेत मारवा मनातून उतरतो आणि दरबारीला जागा होते. स्ट्रीमिंगवर हेच दोन राग मी ऐकले आहेत. मारवा संपताक्षणी दरबारी सुरू होते किंवा यंत्र आपल्या मर्जीने तिसरेच काही लावते. आवाजात खोट काढण्यासारखे काही नाही. गेली आहे ती मधली शांतता, आणि एका बैठकीत एवढेच ऐकायचे हा करार.

परत आलेल्या रेकॉर्डने श्रोत्याला काही दिले असेल तर हा करार दिला आहे. मात्र तो पाळायला विनाइलची गरज आहेच असे नाही, हेही प्रामाणिकपणे म्हटले पाहिजे.

नाव पुकारणे

नोव्हेंबर १९०२ मध्ये फ्रेड गायस्बर्ग कलकत्त्यात ध्वनिमुद्रण करत होता. गौहरजान गायली आणि शेवटी तिने इंग्रजीत आपले नाव पुकारले. त्या काळच्या अनेक तबकड्यांवर अशी घोषणा ऐकू येते. तिच्यामागचे कारण व्यवहारी असल्याचे सांगतात : मुद्रणे जर्मनीत हानोफरला छपाईसाठी जात आणि तिथल्या माणसांना लेबलावर कोणाचे नाव घालायचे हे कळायला हवे. म्हणजे आपल्या ध्वनिमुद्रिकांच्या पहिल्याच पिढीत 'हे कोणी गायले' ही नोंद आवाजाच्याच अंगात कोरलेली होती.

१९७७ मध्ये व्हॉयेजर यानांबरोबर सोन्याचा मुलामा दिलेली तांब्याची तबकडी अंतराळात गेली. गोव्यातल्या केरीच्या केसरबाई केरकरांची भैरवी तिच्यावर आहे. तबकडीच्या वेष्टनावर ती किती गतीने फिरवावी, सुई कुठे ठेवावी, याच्या आकृत्या कोरल्या आहेत. ज्याला मराठी काय, कुठलीच मानवी भाषा येत नाही, अशा श्रोत्यासाठीही वेष्टनाने एवढी काळजी घेतली.

या दोन उदाहरणांशेजारी आज बाजारात मिळणारी भारतीय संगीताची पुनर्मुद्रणे ठेवून पाहावीत. माझ्या हाती आलेल्या अनेक रेकॉर्डच्या वेष्टनांवर मूळ मुद्रणाचे साल नाही. तबला कोणाचा, हार्मोनियम किंवा सारंगी कोणाची, याचा पत्ता नाही. ती मूळ टेपवरून कोरली, की सीडीसाठी केलेल्या साफसूफ प्रतीवरून, की एखाद्या वापरलेल्या रेकॉर्डवरून, हे कळायला मार्ग नाही. '१८० ग्रॅम' हे मात्र ठळक छापलेले असते. जाड प्लास्टिकने खाच बदलत नाही, हे वर दिलेल्या वर्णनावरून वाचकांच्या लक्षात आलेच असेल.

ही उणीव किरकोळ नाही. मैफिलीचा इतिहास आपल्याकडे फारसा लिहिला गेला नाही. ध्वनिमुद्रिका हाच त्याचा मोठा दस्तऐवज आहे. मुंबईतल्या 'सोसायटी ऑफ इंडियन रेकॉर्ड कलेक्टर्स'सारख्या संस्थेने १९९० पासून लेबले, क्रमांक, सूचिपत्रे जुळवत हा दस्तऐवज वाचता येईल असा केला. अशा संग्राहकांनी दशकानुदशके जे खणून काढले, ते एका देखण्या आवृत्तीच्या कोऱ्या मलपृष्ठाने पुन्हा पुरले जाऊ शकते. गायकाचे नाव उरते. साथीदार, साल आणि जागा पुसली जाते. पुढच्या पिढीच्या हाती हीच आवृत्ती मूळ म्हणून जाईल.

मुंबई परिसरात रेकॉर्ड छापण्याचे काम अलीकडे पुन्हा सुरू झाले आहे. त्याचे स्वागत केले पाहिजे; साच्यांसाठी आणि छपाईसाठी परदेशाकडे पाहण्याची गरज त्याने कमी होऊ शकते. पण या रेकॉर्ड घेताना आपण आवाजाच्या उबेविषयी विचारण्याआधी पाच गोष्टी विचाराव्यात : मुद्रण केव्हाचे, कुठले, साथ कोणाची, कोणत्या प्रतीवरून कोरले, आणि कोणी कोरले. पाचही उत्तरे वेष्टनावर सहज मावतात, आणि ती छापायला पीव्हीसीचा एक ग्रॅमही जास्त लागत नाही.