तालुक्याचा इतिहास कोणाच्या टेबलावरून लिहिला गेला?

मूर्तिजापूरचा इतिहास वाचायला बसलं की आपल्या हाती मुख्यतः तीन गोष्टी लागतात: इंग्रजी अमदानीतलं गॅझेटियर, शाळा-संस्थांच्या स्मरणिका आणि शकुंतला रेल्वेवरचे लेख. आज आपण या तिन्हींची जरा परीक्षा करू.

आधी गॅझेटियर. अकोला जिल्ह्याचं गॅझेटियर १९१० साली निघालं. त्यात जमीन, पीक, दुष्काळ, महसूल अशी शिस्तीत प्रकरणं आहेत आणि शेवटी गावांची वर्णनं. त्याचं ऋण मान्यच केलं पाहिजे. पण ते लिहिलं गेलं कशासाठी? बदली होऊन आलेल्या साहेबाला जिल्हा चालवता यावा म्हणून. त्यामुळे जे कलेक्टरच्या टेबलावरून दिसतं तेवढंच त्यात येतं.

एकच साल घेऊ, १९०५. त्या वर्षीच्या ऑगस्टपर्यंत मूर्तिजापूर तालुका अमरावती जिल्ह्यात होता. मग तो अकोल्याला जोडला गेला. कारंजा तेव्हा याच तालुक्यात, आज ते वाशीम जिल्ह्यात आहे. जिल्ह्याची चौकट धरून लिहिलं की तालुक्याचे असे तुकडे पडतात. कास्तकार काही जिल्ह्याची हद्द पाहून बंडीला बैल जुंपत नव्हता.

त्याच १९०५ च्या फेब्रुवारीत दापुऱ्याच्या देबूजी झिंगराजी जानोरकरांनी घर सोडलं. दापुरे याच तालुक्यातलं, देबूजींच्या मामाचं गाव. मामाची जमीन सावकाराच्या घशात गेली, हे गाडगेबाबांच्या चरित्रांत आपण सगळ्यांनी वाचलंय. सरकारी कागदाला १९०५ म्हणजे हद्दीचा बदल. लोकांच्या आठवणीत ते बाबांच्या गृहत्यागाचं साल. तालुक्याचा इतिहास या दोन्ही नोंदी शेजारी ठेवल्याशिवाय पुरा होत नाही. कर्ज, कापूस आणि घर सोडून निघालेला माणूस, हे एकाच मातीतलं आहे.

आता शकुंतला. तिच्यावरचे लेख बहुधा एकाच सुरात असतात: 'इंग्रज कंपनीच्या मालकीची शेवटची रेल्वे!' ऐकायला मजेशीर आहे, पण मग तालुका कुठे गेला? एका बाजूला यवतमाळ, दुसऱ्या बाजूला अचलपूर, सुमारे १९० किलोमीटरची ही अडीच फुटी लाईन, आणि मधोमध मूर्तिजापूर, जिथे मुंबई-नागपूरची मोठी लाईन भेटते. दारव्हा, कारंजा, दर्यापूर, अंजनगाव इथला कापूस याच जागी छोट्या गाडीतून मोठ्या गाडीत जायचा. ते गठ्ठे कोणी उचलले? जिनात सरकी वेगळी करताना कोणत्या बायांच्या नाकातोंडात रुई गेली? १९९४ साली वाफेचं इंजिन जाऊन डिझेल आलं, हे सगळ्यांना पाठ आहे; हमालांचं काय झालं, ते कोणी विचारत नाही.

स्मरणिकांची गोष्ट तर जगभर सारखीच आहे. अमेरिकेत १८७६ साली, स्वातंत्र्याच्या शंभरीनिमित्त, तिथल्या काँग्रेसने प्रत्येक काउंटीने आपला इतिहास लिहावा अशी शिफारस केली. पुढे प्रकाशकांनी धंदाच मांडला: वर्गणी भरा, पुस्तकात तुमचं चरित्र छापून घ्या. शेतमजूर साहजिकच बाहेर राहिला. आपल्या स्मरणिकेत देणगीदाराचा फोटो पानभर आणि शिपायाचं नाव शेवटच्या यादीत, यात वेगळं काय आहे?

कोणी म्हणेल, एवढं मनावर कशाला घ्यायचं? घ्यायला हवं, कारण हा कागद जगण्याला लागतो. जातपडताळणीसाठी ओबीसींना १३ ऑक्टोबर १९६७ पूर्वीचा, विमुक्त-भटक्यांना २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीचा पुरावा शोधावा लागतो. मग कोतवाल बुकाची नक्कल आणि शाळेचा दाखल-खारिज रजिस्टर शोधत माणूस हिंडतो. गॅझेटियरमध्ये त्याच्या आज्याचं नाव नाही. असलं तर त्या फाटक्या वहीत आहे. ती वही वाळवीने खाल्ली तर इतिहासही जातो आणि नातवाचा दाखलाही.

म्हणून आमचं म्हणणं साधं आहे. तालुक्याचा पुढचा इतिहास कोतवाल बुकापासून, जिनाच्या हजेरीपटापासून, मालधक्क्यावर राबलेल्या म्हाताऱ्यांच्या बोलण्यापासून सुरू करावा. गॅझेटियर जवळ ठेवावं, पण पडताळून पाहायला. आणि ज्यांच्या घरी जुनी वही, पावती, सातबारा असेल, त्यांनी ती रद्दीत घालण्याआधी एकदा उघडून बघावी.