विदर्भाकडे पाहणारा कॅमेरा

माहितीपटांचा कॅमेरा विदर्भात आला तो बहुतेकदा मरणाचा माग काढत. दीपा भाटिया यांचा 'नीरोज गेस्ट्स' (२००९) पत्रकार पी. साईनाथ यांच्यासोबत कापूसपट्ट्यात फिरतो. नंदन सक्सेना आणि कविता बहल यांचा 'कॉटन फॉर माय श्राउड' (२०११) तिथल्याच शेतकरी आत्महत्यांचा जाब विचारतो. हे माहितीपट व्हायलाच हवे होते. पण अशा चित्रणात समोरचा माणूस पुराव्यापुरता उरण्याची भीती असते.

सतीश मनवर यांचा 'गाभ्रीचा पाऊस' हा कथापट या भीतीला वेगळं उत्तर देतो. नवरा जिवाचं काही बरंवाईट करेल म्हणून बायको पोराला त्याच्या पाळतीवर ठेवते. छायालेखक सुधीर पलसाने यांचा कॅमेरा त्यामुळे आपोआपच घरातला होतो. बाहेरून आलेल्याची नजर त्याला घ्यावीच लागत नाही.

सुधाकर रेड्डी यक्कंटी हे मात्र खरोखर बाहेरचे. आंध्रातून आलेले, पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. 'देऊळ' (२०११) आणि 'सैराट' (२०१६) यांचं छायालेखन त्यांचं. वैनगंगेच्या काठावरच्या 'नाळ'चं (२०१८) दिग्दर्शनही त्यांनीच केलं आणि पदार्पणातल्या दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळवला. 'नाळ' देखणा आहे, माझ्या मते जरा जास्तच. डोळे दिपवणारं वैदर्भी ऊन तिथे फार मवाळ होऊन येतं.

म्हणूनच नागपुरात घडणाऱ्या 'झुंड'मधलं (२०२२) त्यांचं काम मला अधिक मोलाचं वाटतं. विजय बारसे यांनी २००१ साली उभ्या केलेल्या 'स्लम सॉकर' या वस्तीतल्या मुलांच्या फुटबॉल उपक्रमावर नागराज मंजुळे यांनी बेतलेला हा चित्रपट. यातली बरीचशी पोरं नागपुरातलीच, त्याआधी कधी कॅमेऱ्यापुढे न आलेली. अशांना खडूने आखलेल्या जागी उभं करून चालत नाही. ती जिथे जातील तिथे कॅमेऱ्यालाच जावं लागतं. माहितीपटवाल्यांची ही जुनी सवय पूर्वार्धात छान उपयोगी पडते. पळापळ, शिव्या, पावसात लाथाडलेला प्लास्टिकचा डबा, भीमजयंतीचा डीजे, सगळं वस्तीच्या वेगाने येतं. आणि अमिताभ बच्चन फ्रेममध्ये असतानाही नजर पोरांवर राहते, हे सोपं नव्हे! पोरं आपापली कहाणी सांगतात तेव्हा तर कॅमेरा मुकाट ऐकतो. त्या चेहऱ्यांवर प्रकाशयोजनेची कारागिरी दिसत नाही, ही मोठीच कारागिरी.

सामना सुरू झाला की मात्र हे सगळं निसटतं. चेंडू स्लो मोशनमध्ये उडतो, प्रेक्षक उसळतात, संगीत चढतं. क्रीडापटांचा ठरलेला साचा. हरकत जिंकण्याला नाही. पण पहिल्या तासाभरात नुसत्या चालीवरून ओळखू येणारी पोरं इथे केवळ खेळाडू होतात, आणि ते मैदान कोणत्याही शहरातलं असू शकतं.