लाखोंच्या मरणात एक खून

वॉर्सा, 1942. एका इमारतीत एका वेश्येचा अत्यंत क्रूर खून होतो. शेजारच्या संडासात दडून बसलेल्या माणसाला खुन्याचा चेहरा दिसत नाही. दिसते फक्त करड्या रंगाची विजार आणि तिच्या कडेनं खालपर्यंत उतरलेला लाल पट्टा. हा पट्टा जनरलच्या गणवेशाचा. हान्स हेल्मुट कर्स्टच्या 'द नाइट ऑफ द जनरल्स' (1962) या कादंबरीचा सगळा डोलारा एवढ्याशा दृश्यावर उभा आहे. तपास करणारा मेजर ग्राऊ तीन जनरलांवर संशय घेतो आणि वरिष्ठांना वाटतं, याचं डोकं फिरलंय. त्याच वर्षी त्याच शहरातून ज्यूंच्या गाड्या भरभरून मृत्युछावण्यांकडे जात होत्या. माणसांच्या मरणाचा हिशेबच सुटलेला असताना हा अधिकारी एका बाईच्या खुनासाठी जनरलला हटकतो.

युद्धकथा आणि गुन्हेगारी कथा या दोन्हींची गोडी असलेले वाचक बरेच आहेत. ज्यांच्याकडे अ‍ॅलिस्टर मॅक्लीन सापडतो, त्यांच्याकडे अगाथा ख्रिस्तीही सापडते. 'आता पुढे काय वाचू?' असं अशा वाचकानं विचारलं की उत्तर म्हणून बहुधा दोन वेगळ्या याद्या मिळतात. माझं उत्तर निराळं आहे. या दोन प्रकारांच्या सांध्यावर उभ्या असलेल्या कादंबऱ्या आधी वाचाव्यात, कारण दोन्हींचा कस तिथंच लागतो. युद्धात मारणं हे कर्तव्य ठरतं, तर रहस्यकथेत एका माणसाचं मरण हा साऱ्या समाजावरचा घाव असतो. या दोन गोष्टी समोरासमोर आल्या की लेखकाला लपायला जागा उरत नाही. चांगल्या लेखकाच्या हातात त्या एका मरणाचं वजन शेवटपर्यंत टिकतं. सुमार लेखकाच्या हातात युद्ध हा नुसता पडदा होतो, मागे टांगलेला.

कर्स्ट स्वतः 1933 पासून 1945 पर्यंत जर्मन सैन्यात होता. अधिकाऱ्यांच्या भोजनगृहातल्या गप्पा, बढतीसाठीची लाचारी, हुकूम पाळला की सद्‌सद्‌विवेक मोकळा होतो ही समजूत, हे त्यानं आतून पाहिलेलं होतं. म्हणूनच त्याच्या कादंबरीतले जनरल राक्षसासारखे दिसत नाहीत, कचेरीतल्या साहेबांसारखे दिसतात. कथा पुढे जुलै 1944 च्या पॅरिसमध्ये जाते आणि तिथून युद्धानंतरच्या जर्मनीत. या कादंबरीवर 1967 मध्ये चित्रपट निघाला. त्यातला पीटर ओटूल पाहण्यासारखा आहे, पण पुस्तकातला कोरडा, कागदपत्रांसारखा सूर पडद्यावर उतरलेला नाही.

या प्रकारातलं सर्वांत मोठं पुस्तक मात्र हान्स फालाडाचं. ते युद्ध संपल्यावर दोनच वर्षांत, 1947 मध्ये, प्रसिद्ध झालं आणि ते पाहायला लेखक उरला नव्हता. इंग्रजीत ते यायला 2009 उजाडलं. मायकेल हॉफमननं केलेला तो अनुवाद 'अलोन इन बर्लिन' आणि 'एव्हरी मॅन डाइज अलोन' अशा दोन नावांनी मिळतो. त्यामागची हकीकत खरी आहे. बर्लिनमधल्या ओटो आणि एलिझं हांपेल या कामगार जोडप्यानं 1940 ते 1942 या काळात हिटलरच्या विरोधात दोनशेहून अधिक पोस्टकार्डं हातानं लिहिली आणि शहरभरच्या इमारतींच्या जिन्यांत गुपचूप ठेवली. एप्रिल 1943 मध्ये दोघांचाही शिरच्छेद झाला. फालाडानं गेस्टापोच्या फायलींवरून हे प्रकरण घेतलं आणि जोडप्याला क्वांगेल हे नाव दिलं. एलिझंचा भाऊ युद्धात गेला होता. कादंबरीत त्या जागी एकुलता एक मुलगा आला.

इथं गुन्हा म्हणजे पोस्टकार्ड. तपास अधिकारी एशेरिख बर्लिनचा नकाशा भिंतीवर लावतो आणि जिथं जिथं कार्ड सापडलं तिथं तिथं छोटंसं निशाण टोचत जातो. हे साधन रहस्यकथेतलं नेहमीचं आहे. वाचकही सवयीनं त्या नकाशात गुंततो, गुन्हेगार कुठं राहत असेल याचा अंदाज बांधू लागतो. मध्येच त्याच्या लक्षात येतं की आपण ज्याचा माग काढतोय तोच या शहरातला धड माणूस आहे. रहस्यकथेची यंत्रणा वाचकावरच उलटवण्याचं हे काम फालाडानं फार साध्या हातानं केलं आहे. त्याहून जिव्हारी लागणारी गोष्ट नंतर कळते. लोकांनी ती कार्डं वाचून पुढे दिलीच नव्हती. हातात पडताच घाबरून त्यांनी बहुतेक सगळी पोलिसांकडे जमा केली होती. क्वांगेलला हे अटकेनंतर समजतं. गुन्हेगारी कादंबरीत याहून भयंकर उलगडा माझ्या वाचनात नाही आणि त्यात कुणाचाही खून नाही.

याच बर्लिनवर गेल्या तीस-पस्तीस वर्षांत कादंबऱ्यांची मोठी पेठ उभी राहिली. तिचा पाया फिलिप केरनं घातला. बर्नी गुंथर हा त्याचा खासगी गुप्तहेर 1989 मध्ये 'मार्च व्हायोलेट्स'मधून आला. शहर 1936 च्या ऑलिंपिकसाठी नटलेलं, ज्यूविरोधी पाट्या पाहुण्यांपुरत्या उतरवलेल्या. नंतर 'द पेल क्रिमिनल' आणि 'अ जर्मन रेक्विएम' आल्या आणि ही त्रयी 'बर्लिन नॉयर' नावानं एकत्र निघाली. ती जरूर वाचावी, विशेषतः तिसरी. पराभूत, उपाशी, चार सत्तांनी वाटून घेतलेल्या बर्लिन आणि व्हिएन्नात काल कोण काय होता हे विचारायची सोय नाही, हे केर नेमकं पकडतो. पंधरा वर्षांच्या खंडानंतर त्यानं ही मालिका पुन्हा सुरू केली आणि 2018 मध्ये त्याच्या मृत्यूपर्यंत ती चालवली. एकूण चौदा पुस्तकं झाली. उत्तरार्धातल्यांपैकी 'अ मॅन विदाउट ब्रेथ' (2013) मला सर्वांत महत्त्वाची वाटते. जर्मन सैन्याचा युद्धगुन्हे तपास विभाग ही खरोखर अस्तित्वात असलेली कचेरी. तिच्यातर्फे गुंथर 1943 मध्ये स्मोलेन्स्कजवळ कातिनच्या जंगलात जातो. सोव्हिएत गुप्त पोलिसांनी 1940 मध्ये मारलेल्या पोलिश अधिकाऱ्यांची सामूहिक थडगी तिथं उकरली जात होती. म्हणजे स्वतः कत्तली करणारं राज्य दुसऱ्याच्या कत्तलीचा पंचनामा काटेकोरपणे करतंय. या एका परिस्थितीत कादंबरीचं अर्धं काम झालेलं आहे. मॉस्कोनं ही जबाबदारी 1990 पर्यंत मान्य केली नव्हती.

केरच्या यशानंतर मात्र साचा तयार झाला. वाईट गणवेशातला चांगला पोलीस, दारू, गमावलेली बायको, वरून दबाव आणि प्रकरण अखेरीस पक्षाच्या मोठ्या नेत्यापर्यंत जाणं. या साच्यातल्या कादंबऱ्या आता इतक्या येतात की मुखपृष्ठावरचा ओला रस्ता आणि पाठमोरा टोपीवाला पाहूनच कथा सांगता यावी. माझी खरी तक्रार पुनरावृत्तीबद्दल नाही, ती तर रहस्यकथेचा स्वभावच आहे. अशा नायकामुळे वाचकाला फार सुरक्षित जागा मिळते, ही तक्रार आहे. त्या काळात आपण असतो तर असेच वागलो असतो, असं समाधान घेऊन तो पुस्तक मिटतो. फालाडा हे समाधान देत नाही. रॉबर्ट हॅरिसची 'फादरलँड' (1992) ही देते, पण तिची रचना इतकी भक्कम आहे की ती सोडवत नाही. हिटलर जिंकलेला आहे, साल 1964 आहे आणि एकामागून एक मरणारे म्हातारे कोण, याचा धागा ज्यूंच्या संहाराची आखणी करणाऱ्या जानेवारी 1942 च्या वानझे बैठकीपर्यंत जातो. तिथं हजर असलेल्या माणसांची नावं खऱ्या इतिहासातली आहेत.

मॅक्लीन, जॅक हिगिन्स, केन फॉलेट यांच्याबद्दल थोडक्यात बोललं तरी चालेल. फॉलेटची 'आय ऑफ द नीडल' आजही एका बैठकीत संपते आणि ते काही लहान काम नाही. मात्र या साहसकथांत मरण मोजलं जात नाही, पहारेकरी नुसते आडवे होतात. फ्रेडरिक फोर्साइथची 'द ओडेसा फाइल' (1972) त्यांच्यापेक्षा वेगळी उभी राहते ती रीगाच्या ज्यू वस्तीतून वाचलेल्या म्हाताऱ्याच्या रोजनिशीमुळे. पुढची पाठलागाची कथा सराईत हातानं लिहिलेली आहे, पण ती रोजनिशी वाचताना पान उलटण्याची घाई आपसूक थांबते. कादंबरीतला खलनायक एडुआर्ड रोशमान हा खरा माणूस होता आणि पुस्तक आलं तेव्हा अर्जेंटिनात जिवंत होता.

आता बर्लिनबाहेर पडू, कारण सध्या या प्रकारातली ताकद बाहेरच अधिक दिसते. सेबास्तियां जाप्रिझोच्या 'अ व्हेरी लाँग एंगेजमेंट'मध्ये (1991) पहिल्या महायुद्धातले पाच फ्रेंच सैनिक आहेत. युद्धातून सुटण्यासाठी स्वतःच्याच हातावर गोळी झाडल्याचा आरोप त्यांच्यावर आहे. जानेवारी 1917 मध्ये त्यांना हात बांधून दोन खंदकांच्या मधल्या बर्फात ढकलून दिलं जातं. त्यातल्या एकाची वाग्दत्त वधू मातिल्द चालू शकत नाही. चाकाच्या खुर्चीतून, पत्रं लिहून आणि साक्षी जमवून ती वर्षानुवर्षं शोध घेते. तिच्याकडे बिल्ला नाही, अधिकार नाही, आणि आरोपी आहे खुद्द सैन्य. टिम ओब्रायन हा स्वतः व्हिएतनाममध्ये लढलेला अमेरिकी लेखक. त्याच्या 'इन द लेक ऑफ द वुड्स'मध्ये (1994) निवडणूक हरलेल्या राजकारण्याची बायको तळ्याकाठच्या घरातून नाहीशी होते. मार्च 1968 च्या माय लाय हत्याकांडात हा नवरा सामील होता. 'पुरावा' म्हणून दिलेल्या प्रकरणांत कादंबरीतल्या साक्षी आणि त्या हत्याकांडाच्या खटल्यातल्या खऱ्या साक्षी एकमेकींना लागून येतात. उलगडा शेवटपर्यंत होत नाही. काही वाचक त्यामुळे चिडतात, मला मात्र ते अपरिहार्य वाटतं.

आणि डेव्हिड पीस. टोकियोत बरीच वर्षं राहिलेल्या या इंग्रज लेखकानं 'टोकियो इयर झिरो' (2007), 'ऑक्युपाइड सिटी' (2009) आणि 'टोकियो रिडक्स' (2021) ही त्रयी लिहिली. तिन्ही पुस्तकं शरणागतीनंतरच्या जपानमधल्या खऱ्या प्रकरणांवर आहेत. पहिल्यात कोदाइरा हा मालिका खुनी येतो. तो चीनमध्ये सैनिक म्हणून माणसं मारून आला होता. तिथं मारलं तर शाबासकी आणि इथं मारलं तर फाशी, हा प्रश्न पीस उच्चारत नाही, वाचकाच्या अंगावर आणून सोडतो. उद्ध्वस्त शहर पुन्हा बांधणाऱ्या हातोड्यांचा ठोका आणि उवांनी बेजार झालेल्या माणसांच्या खाजवण्याचा आवाज वाक्यावाक्यांत पुन्हा पुन्हा येत राहतो, इतका की आपलाही हात डोक्याकडे जातो. दुसऱ्या पुस्तकात जानेवारी 1948 मधली बँक आहे. औषध म्हणून विष पाजून तिथं बारा जणांना मारलं गेलं होतं. या प्रकरणामागे जंतुयुद्धाचे प्रयोग करणाऱ्या 731 क्रमांकाच्या तुकडीची सावली आहे. ही वाचायला कठीण पुस्तकं आहेत. पन्नास पानं नेटानं काढावी लागतात, पण नंतर गद्याची ती लय पकड सोडत नाही.

आपल्याकडे काय आहे? इंग्रजीत लिहिणाऱ्या दक्षिण आशियाई वंशाच्या लेखकांनी अलीकडे चांगली सुरुवात केली आहे. अबीर मुखर्जीच्या 'अ रायझिंग मॅन'मधला (2016) कॅप्टन विंडहॅम पहिल्या महायुद्धातून अफूची सवय घेऊन 1919 च्या कोलकात्यात येतो. वसीम खानच्या 'मिडनाइट अ‍ॅट मलबार हाउस'मध्ये (2020) 31 डिसेंबर 1949 च्या रात्री मुंबईत एका इंग्रज अधिकाऱ्याचा खून होतो. मरण्यापूर्वी तो फाळणीतल्या अत्याचारांची चौकशी करत होता. तपास पर्सिस वाडिया ही पारशी पोलीस अधिकारी करते. मुंबई छान उतरली आहे, पण फाळणीची धग जरा फाइलींतूनच पोचते. तरीही विषयाची निवडच मोलाची आहे.

मराठीनं या सांध्यावर अजून पाय ठेवल्यासारखा दिसत नाही आणि याची खंत वाटते. युद्धाच्या छायेतली प्रेमकथा विश्राम बेडेकरांनी 'रणांगण'मध्ये 1939 इतक्या लवकर लिहिली. जर्मनीतून निघालेल्या ज्यू निर्वासितांची बोट तेव्हा जगातल्या फार थोड्या कादंबऱ्यांत आली असेल. बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून अधिक रहस्यकथा लिहून मराठी माणसाला वाचायची चटक लावली. वि. ग. कानिटकरांचं 'नाझी भस्मासुराचा उदयास्त' पिढ्यान्‌पिढ्या वाचलं जातंय. वाचक आहे, परंपरा आहे आणि साहित्यही हाताशी आहे. इटलीच्या आघाडीवर मराठा पलटणीचे यशवंत घाडगे 1944 मध्ये पडले आणि नामदेव जाधव 1945 मध्ये लढले. दोघांनाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. त्यांच्याबरोबरच्या, पदक न मिळालेल्या कुणाची गोष्ट अजून लिहायची आहे. खुद्द मुंबईत 14 एप्रिल 1944 रोजी व्हिक्टोरिया गोदीत 'फोर्ट स्टिकिन' जहाज फुटलं. पोटात दारूगोळा, कापूस आणि सोन्याच्या विटा एकत्र होत्या. आग दुपारी लागली आणि स्फोट चारनंतर झाले, म्हणजे निर्णय घ्यायला वेळ होता. लोक घातपात म्हणत होते, चौकशीनं अपघात म्हटलं आणि युद्धकाळातल्या सेन्सॉरमुळे वृत्तपत्रांना बातमी लगेच छापता आली नाही. त्या गदारोळात एखादा माणूस स्फोटाआधीच मेलेला निघाला, तर त्याचा तपास करायला कुणाला सवड असेल आणि कुणाला इच्छा? गोदीतला एखादा मराठी हवालदार घेऊन ही कादंबरी लिहिणाऱ्याची मी वाट पाहतो आहे.