कॅमेऱ्याला जाब विचारणारी बाई

आनंद पटवर्धन यांच्या मुंबईतल्या झोपडपट्टीवासीयांवरच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात (१९८५) झोपडी गमावलेली एक बाई कॅमेऱ्यालाच फैलावर घेते. गरिबांची चित्रं काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्या पदरात काय पडणार, असा तिचा सवाल. समोर पोलीस नाही की पालिकेचा साहेब नाही. तिची बाजू मांडायला आलेला दिग्दर्शकच उभा आहे. हा तुकडा संकलनात सहज गाळता आला असता. पटवर्धनांनी तो ठेवला, आणि माझ्या मते चित्रपटाचा कणा तोच आहे. तोवर आपण हळहळत पाहत असतो. आता कळतं की तिला आपली हळहळ नको आहे, हिशेब हवा आहे.

या पाडापाडीची पार्श्वभूमी अशी: जुलै १९८१मध्ये महाराष्ट्राचे मुख्यमंत्री अंतुले यांनी फूटपाथवासीयांना मुंबईबाहेर पाठवण्याचा हुकूम काढला. प्रकरण ‘ओल्गा टेलिस’ खटल्याच्या रूपाने सर्वोच्च न्यायालयात गेलं. १० जुलै १९८५ला निकाल लागला. उपजीविकेचा हक्क जगण्याच्या हक्कातच येतो हे न्यायालयाने मान्य केलं, पण रीतसर नोटीस देऊन झोपड्या हटवायची वाटही मोकळी ठेवली. चित्रपट याच वर्षांतला. सुखवस्तू मंडळी झोपडपट्टीविषयी शांतपणे बोलतात आणि शेजारच्या दृश्यांत संसार रस्त्यावर येतात. या जोडणीमुळे त्यांच्या सभ्य सुराचीच भीती वाटू लागते.

आणि त्यात विलास घोगरे यांचं गाणं! घोगरे स्वतः झोपडपट्टीत राहणारे शाहीर. शहराची कथा ते खड्या आवाजात सांगतात तेव्हा वस्ती स्वतःविषयी स्वतःच बोलू लागते. तिच्या वतीने कोणी निवेदन करायची गरज उरत नाही. ११ जुलै १९९७ला घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण गेले आणि काही दिवसांत घोगरेंनी जीवन संपवलं. तिथून सुरू झालेला पटवर्धनांचा ‘जय भीम कॉम्रेड’ हा माहितीपट पुरा व्हायला चौदा वर्षं लागली. त्यात घोगरे पुन्हा गाताना दिसतात. बाईने मागितलेल्या हिशेबातला थोडा तरी भाग मला या चिकाटीत फेडलेला दिसतो.

पनवेलला राहून ‘हमारा शहर’ पाहताना मन खाडीच्या अलीकडे येतंच. मुंबईचा भार हलका करायला १९७०मध्ये सिडको हे सरकारी महामंडळ स्थापन झालं आणि ९५ गावांची जमीन नवी मुंबई या नव्या शहरासाठी गेली. तिकडे कागद नसलेल्यांना हुसकावलं, इकडे सातबारा नावावर असणाऱ्यांची शेतं गेली. जानेवारी १९८४मध्ये, दि. बा. पाटील यांच्या नेतृत्वाखालच्या जासईच्या शेतकरी आंदोलनात पाच जण गोळीबारात हुतात्मा झाले. जमीन गेलेल्यांना तिच्या साडेबारा टक्के विकसित भूखंड मिळाले ते त्या लढ्यातून. पुढे नवी मुंबई विमानतळासाठी तर गावंच्या गावं उठली.

या गावांचा माहितीपट करणाऱ्याला शाहीर शोधत हिंडावं लागणार नाही. इथल्या आगरी लग्नात आजही धवलारीण धवळे, म्हणजे लग्नविधींची गाणी, गाते. नव्या टॉवरांच्या पायथ्याशी, गावठाणात मांडव पडतो तेव्हा तिचा आवाज आधी नोंदवून घ्यावा. अधिकाऱ्यांच्या मुलाखती नंतरही मिळतील.