‘मनमिळाऊ’ : एक शब्दविचार

विवाहविषयक जाहिरातींत वधूविषयीं ज्या अपेक्षा नमूद असतात, त्यांत ‘मनमिळाऊ’ हें विशेषण सहसा चुकत नाहीं. मृत्युलेखांतहि तें भेटतें. पण तेथें तें पुरुषांच्याहि वांट्यास येतें, आणि गेलेल्या माणसाच्या स्वभावाविषयीं कोणी वाद घालीत नाहीं! आमची तक्रार आहे ती पहिल्या उपयोगाविषयीं.

‘मन’ आणि ‘मिळणें’ हे दोन्ही शब्द मूळचे संस्कृतांतील खरे. पण त्यांस ‘आऊ’ प्रत्यय लावून केलेला हा समास अस्सल मराठी वळणाचा आहे. हिंदीनें याच अर्थीं ‘मिलनसार’ शब्द योजिला. त्यांतील ‘सार’ हा प्रत्यय फारसी, आणि त्यांत मन नाहीं, नुसतें मिलन आहे. चारचौघांत सहज मिसळणारा माणूस मिलनसार ठरेल. मनमिळाऊ ठरण्यास तेवढें पुरत नाहीं.

आतां ‘आऊ’. हा प्रत्यय दुतोंडी आहे. लढाऊ म्हणजे लढणारा, शिकाऊ म्हणजे शिकणारा. पण विकाऊ म्हणजे विकणारा नव्हे, विकला जाणारा. मनमिळाऊ हा शब्द लढाऊच्या पंक्तीचा : ज्याचें मन आपण होऊन दुसऱ्याच्या मनास मिळतें तो. जाहिरातींनीं त्यास नकळत विकाऊच्या पंक्तीस बसविलें आहे. ‘मनमिळाऊ वधू पाहिजे’ याचा अर्थ बहुधा एवढाच कीं, तिनें सासरच्या सर्वांशीं जुळवून घ्यावें व उलट बोलूं नये. त्यास मराठींत ‘सोशिक’ असा स्वच्छ शब्द आहे. तो लिहिण्याचा संकोच वाटतो म्हणून हा लिहावयाचा, यांत शब्दावर अन्याय होतो आणि मुलीवरहि.

मिळण्यास एकतर्फी अर्थ आहे, हें आम्ही नाकारीत नाहीं. ओढा नदीस मिळतो आणि त्याचें नांव संपतें. फितूर शत्रूस मिळतो. परंतु मनाची गोष्ट निराळी. ‘त्यांचीं मनें मिळालीं’ असें म्हणतांना आपण बहुवचनच योजितों. कऱ्हाडास कृष्णा व कोयना समोरासमोर येऊन मिळतात आणि तेथून पूर्वेस वळतात. पुढें नांव कृष्णेचेंच राहतें; तरी वळावें लागतें तें दोघींसहि. त्या संगमास लोक ‘प्रीतिसंगम’ म्हणतात.

वराच्या वर्णनांत शिक्षण, वेतन, स्वतःचें घर हीं असतात. ‘मनमिळाऊ’ आम्हांस तेथें क्वचितच आढळलें आहे.